वूली बेअर सुरवंट बघून थंडी कळते का? नेहमी विचारले जाणारे प्रश्न

ऑक्टोबर उजाडला की ओळखीतलं कुणीतरी मला एक फोटो पाठवतंच, ड्राइव्हवेवर तुरुतुरु चाललेला काळा-तांबूस केसाळ सुरवंट, आणि खाली प्रश्न, "याच्यावरून स्नो किती पडणार ते कळतं म्हणे, खरं का?" मी अमेरिकेत ओहायो राज्यातल्या क्लीव्हलंडजवळ बारा वर्षं राहतेय, मुलगी पहिलीत असताना तिच्या शाळेतून हे सुरवंट मोजायचं काम घरी आलं आणि तेव्हापासून मला या किड्याचा लळाच लागला, दर फॉलला, म्हणजे थंडीच्या आधीच्या पानगळीच्या दिवसांत, आम्ही दोघी मोजतो, वहीत लिहितो. दरवेळी तीच उत्तरं नव्याने टाइप करण्यापेक्षा सगळं एकदाच इथे लिहून ठेवते.

हा सुरवंट नक्की कुठला?

इसाबेला टायगर मॉथ नावाचा एक पतंग आहे, शास्त्रीय नाव पायरार्क्टिया इसाबेला, त्याचं हे बाळरूप. अमेरिकेत जवळपास सगळीकडे, कॅनडाच्या दक्षिण भागात आणि मेक्सिकोच्या उत्तरेला सापडतो. दोनेक इंच लांब, दोन्ही टोकं काळीभोर आणि मध्ये विटकरी-तांबूस पट्टा, सगळ्या अंगावर ताठ दाट केस. त्या केसांमुळेच अस्वलाचं नाव मिळालं, वूली बेअर, दक्षिणेकडे गेलात तर तिथे वूली वर्म म्हणतात. याचा पतंग मात्र बघून ओळखू येणार नाही इतका वेगळा असतो, पिवळसर-केशरी, पंखांवर थोडे काळे ठिपके, रात्री पोर्चच्या दिव्यापाशी येतो.

वर्षात साधारण दोन पिढ्या होतात. उन्हाळ्यातल्या पिढीकडे कुणाचं लक्ष जात नाही, फॉलमधली पिढी मात्र थंडीसाठी जागा शोधत उघड्यावर भटकते म्हणून नेमकी थंडीच्या तोंडावर सगळ्यांना दिसते. मला वाटतं समजुतीचं मूळ इथेच आहे, जो प्राणी बरोबर थंडीच्या आधी दारात येऊन उभा राहतो त्याला थंडीबद्दल काहीतरी माहीत असणार असं माणसाला वाटणारच.

समजूत नेमकी काय आहे?

तांबूस पट्टा रुंद असेल तर थंडी सौम्य, काळा भाग जास्त असेल तर कडक. याच्या पुढची पायरी म्हणजे अंगाचे १३ भाग मोजायचे आणि थंडीचे १३ आठवडे धरून एकेक भाग एकेका आठवड्याला लावायचा. डोक्याकडून सुरुवात, म्हणजे पुढचा काळा भाग डिसेंबरअखेरची थंडी, मधला तांबूस म्हणजे जानेवारी-फेब्रुवारीत जरा उसंत, शेपटीकडचा काळा म्हणजे जाता जाता पुन्हा एक फटका. काही लोक केस किती दाट आहेत तेही बघतात, आणि काहीजण तो कुठल्या दिशेला चाललाय ते बघतात, दक्षिणेकडे चालला तर थंडीपासून पळतोय आणि उत्तरेकडे चालला तर काळजी नाही.

ही गोष्ट एवढी पसरली कशी?

खेड्यापाड्यात लोक आधीपासून म्हणत होतेच, पण ती देशभर गेली ती एका माणसामुळे. न्यूयॉर्कच्या अमेरिकन म्युझियम ऑफ नॅचरल हिस्टरीमध्ये सी. हॉवर्ड करन नावाचे कीटकतज्ज्ञ होते, मूळ कॅनडाचे, आणि त्यांचा खरा अभ्यास माश्यांचा होता, सुरवंटांचा नाही. १९४८ च्या फॉलमध्ये ते बायकोला घेऊन शहराच्या उत्तरेला चाळीसेक मैलांवर असलेल्या बेअर माउंटन स्टेट पार्कला गेले, तिथे १५ सुरवंट गोळा केले, प्रत्येकाचे तांबूस भाग मोजले, सरासरी काढली आणि त्यावरून येणाऱ्या थंडीचा अंदाज एका पत्रकार मित्राला सांगितला. तो न्यूयॉर्क हेराल्ड ट्रिब्यूनमध्ये छापून आला. झालं, सगळीकडे चर्चा! ती थंडी खरंच सौम्य गेली, मग काय, दरवर्षी हेच सुरू झालं. करन, त्यांच्या पत्नी आणि मित्रमंडळींनी स्वतःला नाव घेतलं, वूली बेअरच्या मित्रांची मूळ मंडळी, आणि १९५६ पर्यंत ते दर फॉलला डोंगरात जाऊन सुरवंट मोजत राहिले, सोबत लाल-पिवळी झालेली झाडंही बघत राहिले. मला ही मंडळी फार आवडतात, मोठ्या म्युझियममधला माणूस गुडघे टेकून गवतात सुरवंटाचे पट्टे मोजतोय हे चित्रच किती सुंदर आहे.

म्हणजे शास्त्रज्ञाने सिद्ध केलंय ना?

नाही, आणि करन यांनी स्वतःही तसं म्हटलं नाही. आपले नमुने फार थोडे आहेत हे त्यांना पक्कं माहीत होतं.

त्यांचेच आकडे नीट बघा. या सगळ्या वर्षांत तांबूस भागांची सरासरी १३ पैकी ५.३ ते ५.६ एवढ्यातच फिरली. म्हणजे सुरवंट दरवर्षी जवळपास सारखेच होते आणि उत्तरही दरवर्षी एकच, थंडी सौम्य. त्या काळातल्या थंड्या खरंच सौम्य गेल्या, म्हणून जुळल्यासारखं वाटलं. पण घड्याळाचा काटा एकाच जागी असेल तर ते घड्याळ वेळ सांगतंय असं आपण म्हणत नाही ना. कडक थंडीच्या आधी सरासरी ३ वर आली आणि सौम्य थंडीच्या आधी ७ वर गेली असं बऱ्याच वर्षांत दिसायला हवं, तेही शेकडो सुरवंट मोजून, एकाच डोंगरावरचे १५ नाही. तसं काही दिसलेलं नाही.

आमच्या वहीतला अनुभवही हाच. एकाच दुपारी, एकाच कुंपणाच्या कडेला, दहा पावलांवर दोन सुरवंट सापडले, एकाचे तांबूस भाग तीन आणि दुसऱ्याचे सात. मुलगी विचारत होती की मग स्नो कोणाचं ऐकणार? सात वर्षांच्या मुलीला जो प्रश्न पडला तोच मुद्द्याचा प्रश्न आहे, दोघांवर पडणारी थंडी एकच आहे तर अंदाज दोन कसे.

मग पट्टा कमी-जास्त का होतो?

हे मला अख्ख्या विषयातलं सगळ्यात सुंदर वाटतं म्हणून जरा सविस्तर लिहिते.

सुरवंट वाढताना पाच-सहा वेळा कात टाकतो. दर कातीनंतर काळा भाग थोडा आक्रसतो आणि तांबूस पट्टा पसरतो. म्हणजे पट्टा हा मुळात वयाचा हिशेब आहे. जास्त तांबूस दिसला तर तो बरेच दिवस खाऊन-पिऊन मोठा झालाय, जास्त काळा असेल तर अजून लहान आहे किंवा त्याला वाढायला वेळ कमी मिळालाय. आता वेळ कमी का मिळाला? वसंत उशिरा आला असेल, अंडी उशिरा घातली गेली असतील, खायला हवं तसं मिळालं नसेल. शिवाय ओलाव्याचाही संबंध आहे, दमट जागी वाढलेले सुरवंट जास्त काळे होतात.

म्हणजे हा किडा हवामानाबद्दल काहीच सांगत नाही असं नाही, सांगतो, पण मागच्या हवामानाबद्दल! गेला हिवाळा किती लांबला, उन्हाळा कसा होता, तो ज्या कोपऱ्यात वाढला तिथे ओल किती होती, हे सगळं त्याच्या अंगावर उमटलेलं असतं. झाडाच्या खोडातली वर्तुळं बघून गेलेली वर्षं वाचतात ना, तसंच काहीसं, फक्त एका उन्हाळ्यापुरतं. लोक त्याच्याकडे येणारी थंडी शोधतात आणि तो बिचारा गेलेली सांगत असतो.

पण आमच्या शेजारचे आजोबा सांगतात की ऐंशी टक्के वेळा खरं ठरतं!

माझ्याही शेजारी असे आजोबा आहेत आणि त्यांच्याबद्दल मला खूप प्रेम आहे, पहिल्या वर्षी रस्त्यावरचा बर्फ कसा ढकलायचा ते त्यांनीच शिकवलं. पण त्यांना विचारलं की कडक म्हणजे काय, तर एका वर्षी उत्तर स्नो जास्त पडला, दुसऱ्या वर्षी स्नो नव्हता पण एक आठवडा भयानक गारठा होता, तिसऱ्या वर्षी बर्फ एप्रिलपर्यंत राहिला. चार महिन्यांच्या थंडीत काळ्या पट्ट्याला साजेसा एखादा आठवडा सापडतोच आणि तांबूस पट्ट्याला साजेसाही सापडतोच. आणि जुळलेलं वर्ष माणूस वीस वर्षं सांगतो, न जुळलेलं पुढच्या फॉलपर्यंतही लक्षात राहत नाही. यात कुणी खोटं बोलत नाही, आठवणच तशी चालते. म्हणून आम्ही वहीत ऑक्टोबरमध्येच लिहून ठेवतो आणि मार्चमध्ये उघडून बघतो, तुम्हीही करून बघा, मुलांना फार मजा येते.

मला पूर्ण काळाकुट्ट सुरवंट दिसला, आता काय भयंकर थंडी पडणार का?

घाबरू नका, तो बहुतेक वूली बेअर नाहीच. जायंट लेपर्ड मॉथचा सुरवंट अख्खा काळा असतो, हळूच डिवचला की गोल होतो आणि मग केसांच्या मधून लालभडक वळी दिसतात, त्यावरून लगेच ओळखता येतो. तसाच अख्खा पिवळसर किंवा फिकट दिसला तर तो यलो बेअर असू शकतो, व्हर्जिनियन टायगर मॉथचा. हे वेगळ्या जातीचे आहेत. दर फॉलला मला येणाऱ्या घाबरलेल्या फोटोंपैकी बरेच या काळ्याचेच असतात.

याचे फेस्टिव्हल भरतात ते कुठे? जावं का?

नक्की जा. आमच्या इथून जवळ एरी लेकच्या काठावर व्हर्मिलियन नावाचं गाव आहे तिथे वूलीबेअर फेस्टिव्हल भरतो. डिक गॉडार्ड हे क्लीव्हलंडच्या टीव्हीवरचे लाडके हवामानतज्ज्ञ, त्यांनी १९७३ मध्ये बर्मिंगहॅम नावाच्या ओहायोतल्याच एका छोट्या गावात तो सुरू केला, गर्दी मावेना म्हणून १९८१ पासून व्हर्मिलियनला आला. मोठी परेड असते, सुरवंटांची शर्यत असते, आणि लहान मुलं आणि पाळीव कुत्री वूली बेअरचे कपडे घालून येतात ती स्पर्धा तर बघण्यासारखी. गॉडार्ड २०१६ ला निवृत्त झाले आणि २०२० मध्ये गेले, इथल्या घराघरात लोकांना आपल्या घरातलं माणूस गेल्यासारखं वाटलं. रोज नकाशे आणि आकडे बघून अंदाज सांगणारा माणूस सुरवंटाची जत्रा भरवतो यात मला काही विसंगत वाटत नाही, लोकांना आकाशाकडे आणि जमिनीकडे बघायची सवय लागावी एवढंच त्यातून होतं.

दुसरा मोठा म्हणजे नॉर्थ कॅरोलायनात डोंगरात बॅनर एल्क गावचा वूली वर्म फेस्टिव्हल, १९७८ पासून, ऑक्टोबरमध्ये. तिथे उभ्या ताणलेल्या दोऱ्यांवरून सुरवंट वर चढवतात, मालक खालून फुंकर घालतात, ओरडतात, आणि शेवटच्या फेरीत जो जिंकेल त्याचे १३ भाग वाचून त्या वर्षीचा अंदाज जाहीर होतो. शर्यत का? तर तिथल्या एका मासिकाच्या संपादकाला सुरवंटावरून थंडीचा अंदाज छापायचा होता, एक सुरवंट बघितला आणि दुसऱ्या दिवशी दुसरा दिसला तो अगदीच निराळा, मग कोणाचं खरं मानायचं ते ठरवायला शर्यत लावली. माझ्या मुलीला पडलेला प्रश्न त्यांनाही पडला होता! केंटकीत बीटीव्हिलला आणि पेनसिल्व्हेनियात लुइसबर्गलाही अशा जत्रा आहेत.

फेब्रुवारीत तो प्राणी बिळातून बाहेर काढतात ते आणि हे एकच का?

नाही, तो ग्राउंडहॉग, बिळात राहणारा खारीच्या कुळातला प्राणी, २ फेब्रुवारीला पेनसिल्व्हेनियातल्या पंक्सटॉनी गावात, १८८७ पासून. तो थंडी अजून किती उरली ते सांगतो, सुरवंट थंडी सुरू व्हायच्या आधी सांगतो.

एवढ्या बर्फात हा जिवंत कसा राहतो?

लोक रंगाच्या मागे लागतात आणि खरी कमाल बघायची राहून जाते. हा सुरवंट कोषात जाऊन थंडी काढत नाही, कुठे उडून जात नाही, सुरवंट म्हणूनच पालापाचोळ्याखाली, लाकडाच्या ओंडक्याखाली, सालीच्या फटीत वेटोळं करून पडतो आणि चक्क गोठतो. थंडी वाढत जाते तसं त्याच्या अंगात ग्लिसरॉल तयार होतं, म्हणजे आपलं ग्लिसरीन, जे आपण थंडीत फुटलेल्या टाचांना लावतो तेच. पेशींच्या बाहेरचं पाणी गोठून बर्फ होतं पण पेशींच्या आत बर्फ होऊ देत नाही, आतला बर्फच पेशी फाडतो आणि मारतो. दगडासारखा कडक झालेला सुरवंट वसंतात वितळतो, उठतो, थोडं खातो, मग अंगावरचेच केस वापरून कोष विणतो आणि काही आठवड्यांत पतंग होऊन बाहेर पडतो.

केस म्हणजे स्वेटर आहे असं मुलांना सांगतात, पण तसं नाही. सुरवंटाचं अंग आपल्यासारखं आतून गरम नसतं, त्यामुळे महिनोन्‌महिने केसांनी धरून ठेवायला आत ऊबच नाही. दाट केस म्हणजे कडक थंडीची तयारी हे त्यामुळे मला पटत नाही, त्याची तयारी सगळी रक्तात असते.

इंटरनेटवर उणे साठ अंशात जगणारा आणि सात वर्षांनी पतंग होणारा वूली बेअर वाचायला मिळतो, तो आर्क्टिक वूली बेअर, कॅनडाच्या एल्समीअर बेटावर आणि ग्रीनलँडमध्ये राहणारी वेगळीच जात आहे. आपल्या अंगणातला तो नाही, दोघांची माहिती एकत्र करून फिरवतात.

हात लावला तर खाज येते का?

आपण भारतातले लोक केसाळ सुरवंट दिसला की आधी दोन पावलं मागे सरतो आणि ते बरोबरच आहे, लहानपणी कोकणात मावशीकडे गेलो की पावसात भिंतीवरच्या घुल्यांना हात लावू नका म्हणून दहा वेळा बजावलं जायचं. वूली बेअरच्या केसांत विष नाही, डिवचला तर तो फक्त गोल होऊन पडून राहतो. तरी नाजूक कातडीच्या मुलांना केस टोचून पुरळ येऊ शकतं म्हणून पानावर उचला, आणि हात धुवा. इथे दिसणारा पांढराशुभ्र आणि मधूनच काळे लांब केस असलेला सुरवंट मात्र वेगळा, हिकरी टसॉक मॉथचा, त्याने चांगलीच खाज येते, त्याला हात लावू देऊ नका.

आपल्याकडे असं काही आहे का?

आपल्याकडे सुरवंटावरून थंडी नाही पण प्राणी-पक्ष्यांवरून पाऊस भरपूर. टिटवीने अंडी उंचावर घातली की पाऊस जास्त, कावळ्याने घरटं झाडाच्या कुठल्या बाजूला बांधलं, मुंग्या अंडी घेऊन निघाल्या, पंचांगात कुठल्या नक्षत्राचं वाहन बेडूक आणि कुठल्याचं गाढव. बुलढाणा जिल्ह्यातल्या भेंडवळला अक्षय्य तृतीयेला घटमांडणी करतात आणि दुसऱ्या दिवशी पहाटे ती बघून पावसाचं आणि पिकांचं भाकीत सांगतात. पावशा 'पेरते व्हा' ओरडायला लागतो तो पावसाच्या तोंडावर हे मात्र खरं आहे, त्याचा विणीचा हंगामच तो, पण पाऊस किती पडणार ते त्याला माहीत नसतं. हा फरक मला महत्त्वाचा वाटतो, ऋतू आला हे प्राण्यांना कळतं, ऋतू कसा जाणार ते नाही.

आणि एक नातं तर थेट आहे. आमच्या लातूरकडे सोयाबीनवर बिहारी केसाळ अळी पडते, पानांची पार जाळी करून टाकते, ती याच टायगर मॉथ कुळातली. बाबांना व्हिडिओ कॉलवर वूली बेअर दाखवला तर त्यांचा पहिला प्रश्न, "फवारणी केली का?" हा शेतीचं तसं नुकसान करत नाही, डँडेलायन, क्लोव्हर, गवत असलं अंगणातलं तण खातो, हे त्यांना पटायला दोन फोन लागले.

मग थंडीचा अंदाज बघायचा कुठे?

नोआ या अमेरिकन सरकारी संस्थेचं क्लायमेट प्रेडिक्शन सेंटर ऑक्टोबरच्या मध्याला डिसेंबर ते फेब्रुवारीचा अंदाज देतं. तो टक्क्यांत असतो, म्हणजे नेहमीपेक्षा उबदार असण्याची शक्यता इतकी, स्नो किती इंच पडणार असं नाही, तीन महिने आधी तेवढं कुणालाच सांगता येत नाही. पॅसिफिक समुद्रात एल निनो (पाणी नेहमीपेक्षा गरम) आहे की ला निना (नेहमीपेक्षा थंड) यावर बरंच अवलंबून असतं, एल निनो असेल तर देशाच्या उत्तर भागात थंडी सौम्य जाण्याकडे कल असतो. आमच्यासारखे लेकच्या काठचे लोक एरी लेक गोठलाय का तेही बघतात, तो गोठला की लेकवरून येणारा स्नो कमी होतो.

मुलाने बरणीत भरून घरात आणलाय, काय करू?

पहिलं म्हणजे झाकणाला भोकं आहेत ना बघा. एक-दोन दिवस ठेवा, डँडेलायनची ताजी पानं द्या, भाग मोजू द्या, फोटो काढू द्या, मग जिथे सापडला तिथेच पालापाचोळ्यात सोडा. थंडीभर ठेवायचाच असेल तर उबदार घरात अजिबात नको, हीटरमुळे त्याला वसंत आला असं वाटतं आणि तो जागा होऊन सुकून मरतो, पहिल्या वर्षी आमचा असाच गेला आणि मुलगी दोन दिवस जेवली नव्हती. बाहेर गॅरेजमागे किंवा शेडमध्ये, जिथे बाहेरइतकीच थंडी असते अशा जागी, बरणीत भरपूर गळलेली पानं आणि एखादी काडी घालून ठेवा, पान अगदी कोरडं पडू देऊ नका पण भिजवूनही टाकू नका. मार्च-एप्रिलमध्ये हालचाल दिसली की लगेच ताजी पानं लागतील.

आणि अंगणातली सगळी पानं ब्लोअरने उडवून पिशव्यांत भरू नका, कुंपणाच्या कडेला, झाडाखाली एक ढीग तसाच राहू द्या, त्यात हे झोपलेले असतात. ऑक्टोबरच्या उन्हात हे रस्ता ओलांडतात आणि गाड्यांखाली चिरडले जातात, आमच्या गल्लीत मुलं आता थांबून पानावर घेऊन त्यांना पलीकडे नेतात, ज्या दिशेला तो चालला होता त्याच बाजूला, उलट नेलं तर तो पुन्हा रस्त्यावर येतो.